गुलाब डॉट डीएलएल

१० मार्च २००८, नवेगाव बांध

पोचले एकदाची. कोहमाऱ्यापासून एस.टी.त उभ्यानं आले, शेजारच्या बाईच्या पिशवीतली कोंबडी सारा रस्ता माझ्या पायाला चोच मारत होती, तरी मन खुश आहे. बांध पाहिला आणि डोळे निवले. एवढं पाणी गोंदियात कुठे बघायला मिळतं. रस्त्याच्या कडेला बाया मोहफूल वेचून राहिल्या होत्या, त्याचा वास अजून ओढणीला आहे.

गोंदियातलं दुकान सोडलं त्याचं मला काडीचं दुःख नाही. तिथला मालक मी कामात असले की खुर्चीमागे येऊन खांद्यावर हात ठेवायचा. दोनदा तोंडानं सांगितलं. तिसऱ्यांदा गरम चहा त्याच्या हातावर ओतला. आई म्हणाली, अल्का, राग तुझ्या नाकावर बसलेला, कुठे निभशील तू. निभते की. लग्नाची शूटिंग कापायची, जोडायची, गाणी लावून डीव्हीडी बनवायची, याला आम्ही मिक्सिंग म्हणतो, आणि मिक्सिंग मला झोपेतही येतं.

इथल्या स्टुडिओचे मालक ईश्वरदासभाऊ. पन्नाशीचे, कपाळाला अष्टगंध, जिभेवर साखर. त्यांचा मिक्सिंगवाला देवीदास आजारी पडून घरी बसला, ऐन लगनसराई तोंडावर, म्हणून मला बोलावलं. शूटिंग त्यांचा मुलगा टिंकू करतो.

राहायला निर्मलाबाईंची खोली मिळाली. बाईंनी आधी आडनाव विचारलं, जरा थांबल्या, मग म्हणाल्या की खोलीले मांगून दार आहे, तिकून ये-जा कर आन् राह्य बापा. मी मनात म्हटलं, बघू किती दिवस मागचं दार. तर संध्याकाळी त्यांची पोट्टी रीना पुढच्याच दारानं चहा घेऊन आली आणि माझ्या खाटेवर मांडी घालून बसली. हिचं लग्न याच टिंकूशी ठरलं आहे, चार मेला. टिंकू बिजवर. पहिली बायको रुची दोन वर्षांपूर्वी दम्यानं गेली. निर्मलाबाई सांगत होत्या, हुंड्याचं नाव नाही काढलं वो त्यायनं, बिना बापाच्या पोरीले अजून काय पायजे.

१२ मार्च

स्टुडिओ बसस्टँडजवळ, दोन खोल्यांचा. एक जुना कॉम्प्युटर, एक नवा. खुर्चीवर बसायला चक्क उशी आहे, कुणीतरी हातानं भरतकाम केलेला गुलाब त्यावर. मऊ आहे. मी म्हटलं, चला, कंबर सुटली.

नव्या कॉम्प्युटरवर डीव्हीडी बनवायचं सॉफ्टवेअर उघडेचना. खिडकी यायची की गुलाब डॉट डीएलएल सापडत नाही. असल्या नावाची फाइल मी बापजन्मात पाहिली नव्हती. ईश्वरदासभाऊ म्हणाले, देवीदासनं सोता बनोली आहे, जुन्यातून घे. घेतली, बरोबर जागी टाकली, सॉफ्टवेअर सुरळीत चालू झालं.

रीनानं विचारलं की हे डीएलएल काय असते. तिला समजावलं ते असं. आमच्या वस्तीत बुद्धविहाराचे मोठे गंज आहेत, भाताची पातेली. लग्न कुणाचंही असो, भात त्याच गंजात शिजतो. घरोघरी वीस-वीस गंज कोण ठेवणार. कॉम्प्युटरचं तसंच. डीव्हीडी दाखवणारं सॉफ्टवेअर असो की बनवणारं, नेहमीची कामं ते अशा सामाईक लायब्ररी फाइलींकडून मागून घेतं. फाइल नसली तर चूल पेटलेली आणि गंज नाही अशी गत. रीना म्हणाली की मंग त्या गंजाले जे लागलं ते सगळ्यायच्या पोटात जात असन. पोट्टी हुशार आहे.

१६ मार्च

देवीदासच्या फाइलीची करामत कळली. लग्नात एखादा मामा पिऊन ओकतो, एखादा नकोसा माणूस फोटोत घुसतो. अशाचं तोंड झाकायचं असलं तर त्याच्या तोंडावर माउस नेऊन दाबून धरायचा. थोड्या वेळानं तिथे लाल गुलाब बसतो आणि मग तो माणूस कुठेही फिरो, गुलाब त्याच्या तोंडाबरोबर आपोआप फिरतो. गोंदियात आम्हाला हे एकेका चित्राला हातानं करावं लागायचं, डोळे फुटायचे. एका डीव्हीडीत एकच गुलाब चालतो मात्र. दुसऱ्याचं तोंड दाबलं की पहिल्याचं मोकळं होतं.

या स्टुडिओत याला तोंड दाबणं म्हणतात. ईश्वरदासभाऊ मागून सहज सांगतात, याचं तोंड दाब वो, त्या बुढ्याचं दाब. मी हसून म्हटलं, म्हणजे तोंड दाबून बुक्क्यांचा मार. ते हसले नाहीत. पान थुंकायला बाहेर गेले.

२४ मार्च

आजचं काम काही मनाला पटलं नाही. भाऊंनी घरच्या जुन्या डीव्हीड्या काढून दिल्या. टिंकूच्या बहिणीचं लग्न, एक बारसं, एक सत्यनारायण. सगळ्यांत रुची आहे. लग्नाच्या दिवशी मांडवात पडद्यावर घरच्या डीव्हीड्या लावायची त्यांची पद्धत, आणि रीनाच्या माणसांना पहिली बायको दिसायला नको. त्यांच्या भाषेत, अपशकून कायले. देवीदासला हेच काम सांगितलं होतं, पण तो एक-दोन करून आजारी पडला.

मला राग आला. मेलेल्या बाईला फोटोतूनही हाकलायचं. पण इथे येऊन पंधरवडा झाला, पुन्हा नोकरी सोडली तर आईला काय तोंड दाखवू. केलं. रुची बारीक होती, पुढच्या दातांत फट, आणि जिथे दिसते तिथे सरळ कॅमेऱ्याकडे बघते.

रीना दुपारी डबा घेऊन आली होती. पडद्यावर रुचीला पाहून म्हणाली, हेच का ते. मग उगाच हसली आणि मीबी दाबून पाहू का म्हणाली. लग्न ठरलेल्या पोरीला सवतीबद्दल जे वाटतं ते वाटत असेल. सत्यनारायणाच्या डीव्हीडीत रुचीवर गुलाब तिनंच बसवला. माउस बराच वेळ धरावा लागला, गुलाब बसेचना. तिचा हात अवघडला तर मी वरून माझा हात ठेवला.

२ एप्रिल

गुलाब हलतो.

लिहायला वेड्यासारखं वाटतं, पण हलतो. फुगतो, बसतो, फुगतो, बसतो. तोंडावर ओला कपडा टाकून कुणी श्वास घ्यायला बघावं तसा. आधी वाटलं फाइल खराब असेल. म्हणून निर्मलाबाईंच्या टीव्हीवर लावून पाहिलं. राईट झालेली डीव्हीडी, तिच्यात आता काही बदलूच शकत नाही. तिथेही हलतो. आणि त्या सत्यनारायणात रुचीचे दोन्ही हात वर आहेत, गुलाब ओरबाडल्यासारखे. दाबलं तेव्हा हात खाली होते. तिच्या हातात प्रसादाची वाटी होती.

निर्मलाबाईंना विचारलं, त्यांना काही दिसलं नाही. म्हणाल्या, उन्हाचं चालून आली, कांदा ठेव खिशात.

५ एप्रिल

देवीदासकडे जाऊन आले. तळ्याच्या काठाला घर. बाहेर ऊन रणरणतं आणि तो अंगणात उघड्यावर बसलेला. त्याची माय म्हणाली, घरात दम कोंडते म्हणते, तोंडाजोळ दुपट्टा येऊ देत नाही, झोपतेबी बसूनच. तीस वर्षांचा माणूस असेल, साठीचा दिसतो.

मी स्टुडिओतून आले म्हणताच त्यानं पहिलं हेच विचारलं की किती दाबली. मी सांगितलं, तीन डीव्हीड्या. तो रडायला लागला. तुटक तुटक जे सांगितलं ते असं. गुलाबाचं चित्र त्यानं खुर्चीवरच्या उशीचा फोटो काढून घेतलं होतं. ती उशी रुचीच्या हातची, तिच्याच पलंगावरची. ती गेल्यावर ईश्वरदासनं वाया कशाला घालवायची म्हणून स्टुडिओत आणून टाकली. फाइल बनवून झाल्यावर एक दिवस त्यानं उशी उलटी करून पाहिली. तिकडून तिला चावलं आहे कुणीतरी. आम्ही दाबलं की तिला पुन्हा तेच होते, म्हणाला. आन् कोनं कोनं दाबलं ते आता मोजून राहिली.

फाइल पुसून पाहिली का विचारलं. म्हणाला, पुसली, परत येते.

तिथून थेट स्टुडिओत आले. भाऊ जेवायला गेले होते. उशी उलटी केली. भरतकामाच्या मागच्या बाजूला कापडात दातांची खूण आहे, वरची रांग, आणि मधे फट.

दम्यानं गेली म्हणे.

आणि मी येडी, रीनाचा हात धरून तिच्याकडून दाबून घेतलं. टिंकूच्या घरात तिला जाऊ द्यायचं नाही हे एक. रुचीनं तिला त्या दाबणाऱ्यांत धरू नये हे दुसरं. रीनाला काही झालं तर मी स्वतःला माफ करणार नाही.

९ एप्रिल

निर्मलाबाईंना परवा सगळं सांगितलं. त्या आधी पांढऱ्या पडल्या, मग लाल झाल्या. म्हणाल्या, माह्या पोरीचं चांगलं होऊन राहिलं तं तुह्या डोळ्यात खुपते. उशीले उंदरानं कातरलं असन. मी उशी आणून दाखवते म्हटलं. दुसऱ्या दिवशी खुर्चीवर उशी नव्हती. ईश्वरदासभाऊ म्हणाले, जुनी झाली होती, जाळली. आणि हसून पुढे म्हणाले की देवीदासकडे काऊन गेली होती तू, वेड्याच्या नादी लागलं का माणूस वेडा होते.

म्हणजे निर्मलाबाईंनीच सांगितलं. रीना माझ्याशी बोलत नाही. मागचं दार आता खरंच मागचं दार झालं.

मी नोकरी सोडत नाही. सोडावी अशीच त्यांची इच्छा आहे.

१३ एप्रिल

भाऊ आणि टिंकू केशोरीला शूटिंगला गेले. मी एकटी. डोक्यात आलं की गंजच काढून घेतला तर काय शिजतं ते बघू. गुलाब डॉट डीएलएलचं नाव बदललं, म्हणजे सॉफ्टवेअरला ती सापडणार नाही, आणि सत्यनारायणाची डीव्हीडी लावली. खिडकी आली, फाइल सापडत नाही. ओके दाबलं.

सत्यनारायण नव्हता. वर छत होतं, फिरता पंखा. कुणीतरी पलंगावर पडून वर बघावं तसं. मग टिंकूचं तोंड खाली वाकलं, घामानं भिजलेलं. मग ती उशी, गुलाबाची उलटी बाजू, जवळ, अगदी जवळ, सगळा पडदा लाल. आणि मागून ईश्वरदासचा आवाज. मला रोज सांगतो त्याच आवाजात, तितक्याच सहज.

तोंड दाब तिचं. अजून दाब. बसू दे.

मी उलटी केली. मग तोंड धुऊन पुन्हा बसले आणि पूर्ण पाहिलं. कुणीतरी पाहायला पाहिजे होतं.

१४ एप्रिल

आज जयंती. घरी असते तर पांढरी साडी नेसून मिरवणुकीत असते. इथे बसून विचार करून राहिले. टीव्हीवर लावलं तर नुसता सत्यनारायण दिसतो, पाहिलं लावून. कॉम्प्युटरवर, ती फाइल नसतानाच दिसतं. चार मेला मांडवातला पडदा कॉम्प्युटरलाच जोडायचा आहे. जोडणार मी.

ईश्वरदासला मी आज स्वतः चहा करून दिला. साखर जास्त घातली. खुश झाला.

२० एप्रिल

देवीदास गेला. भर दुपारी, अंगणात, सगळं मोकळं असताना. त्याची माय म्हणते तोंड उघडं होतं तरी निळा पडला. मी पोचले तेव्हा ती पंख्यानं वारा घालतच होती, थांबायला तयार नव्हती.

त्यानं काय वाकडं केलं होतं तिचं? सांगितलं ते काम केलं. रुची, तो गरीब होता. खऱ्यांना का सोडून राहिली तू?

की शेवटासाठी ठेवलं आहेस.

२९ एप्रिल

जिना चढले की थांबावं लागतं. छातीवर कुणी बसल्यासारखं. डॉक्टर म्हणाला धूळ.

रीना आज बोलली. विहिरीवर. म्हणाली, ताई, मलेबी दम लागून राहिला, उन्हाचं असन ना. मी हो म्हटलं. घागर माझ्या हातून सुटली.

नाही. तिला नाही. तिनं फक्त एकदा — आणि तो हात माझा होता.

३ मे

उद्या. तुला सगळ्यांसमोर दाखवते. गाव पाहील, पाहुणे पाहतील. तू त्या दोघांना घे. माझं काय ते नंतर बघ. रीनाला सोड. एवढाच सौदा.

हळद लागली तिला आज. शूटिंग मीच केली. कॅमेरा स्टँडवर लावला तर मला ओढून तिनं शेजारी उभं केलं, माझ्याही गालाला हळद फासली. हसत होती आणि मधेच थांबून श्वास घेत होती.

४ मे

झालं. सगळं लिहून ठेवते.

मुहूर्त उशिराचा म्हणून पंगत आधीच बसली होती. नवरदेव नवरी खुर्च्यांवर, मंगलाष्टकं व्हायची होती. ईश्वरदास म्हणाला, लाव वो. मी फाइलीचं नाव बदललं. लावलं.

पडद्यावर पंखा. आधी कुणाला कळलं नाही. मग टिंकूचं तोंड. मग आवाज, मांडवाच्या चारही स्पीकरमधून. तोंड दाब तिचं. बसू दे. सगळ्यांना दिसलं या वेळी. वाढपी वरणाचं भांडं धरून तसाच उभा. निर्मलाबाईंनी किंकाळी फोडली. रीनानं मुंडावळ्या तोडल्या.

मग पडद्यावर रुची आली. मोकळ्या तोंडानं. पहिल्यांदा पाहिलं तिला मी हसताना. आणि गुलाब सरकला, टिंकूच्या तोंडावर. खुर्चीवरचा टिंकू गळा धरून खाली. नंतर ईश्वरदासवर. तो पत्रावळीत पडला, तोंड भातात. हातपाय बराच वेळ झाडत होता. बसेपर्यंत.

मला बरं वाटलं. खोटं कशाला लिहू. डोळे भरून पाहिलं.

५ मे

पोलीस आले, डीव्हीडी लावून पाहिली. त्यांना सत्यनारायण दिसला. दोघांना विषबाधा म्हणतात. म्हणू दे.

निर्मलाबाई पुढच्या दारानं आल्या. माझे पाय धरायला लागल्या. म्हणाल्या, पोर वाचोली माही.

मागे रीना उभी होती. भिंत धरून. तिच्या ओठांचा रंग —

६ मे

फाइल परत आली आहे. मी नाव बदलून ठेवलं होतं. पुन्हा गुलाब डॉट डीएलएल.

हळदीची शूटिंग उघडली. गुलाब आहे. मी नाही बसवला. रीनाच्या तोंडावर. फुगतो, बसतो.

दिली ना मी तुला दोन्ही माणसं. सगळ्या गावासमोर दिली. पोरीनं एकदा दाबलं, अजाणता. तू पण कुणाची पोरगी होतीस ना —

ऐकत नाही.

तुझ्या जागी मी असते तर मीही ऐकलं नसतं. ते मला कळतं. म्हणूनच भीती वाटते.

७ मे, दुपार

रीनाला घरी खाटेवर सोडून आले. बोलता येत नाही तिला. अर्जुनीहून दवाखान्याची गाडी निघाली म्हणतात. पोचायची नाही वेळेत.

स्टुडिओत आहे. हळदीची डीव्हीडी उघडली. त्यात आम्ही दोघी शेजारी. एका डीव्हीडीत एकच गुलाब. दुसऱ्याचं दाबलं की पहिल्याचं मोकळं.

उजव्या हातानं माउस धरला आहे, माझ्या तोंडावर. डाव्यानं लिहिते. अक्षर वेडंवाकडं —

लाईन गेली. कॉम्प्युटर बॅटरीवर आहे, टीं टीं वाजून राहिली. बसायला वेळ लागतो. सोडायचं नाही.

गुलाब हलला. रीनाची हनुवटी दिसते. हळद दिसते.

श्वास — नाही येत — सोडायचं नाही —

ओठ मोकळे झाले तिचे. नाक. हसते आहे. रुची, बघ, दाबलं मी, माझंच, बसू दे आता, ती हसून राहि